नान्नजच्या माळावरची डॉक्युमेंटरी राष्ट्रीय पुरस्काराला पाठवायची असेल तर

सोलापुरातल्या तीन तरुणांचा प्रश्न आहे. नान्नजच्या माळढोक पक्ष्यांच्या अभयारण्याच्या आसपास त्यांनी पाऊण तासाची डॉक्युमेंटरी केली आहे. पदरचे पैसे, मित्राचा कॅमेरा, एडिटिंग घरच्या कॉम्प्युटरवर. ते विचारतात : पर्यावरण संवर्धनावरच्या डॉक्युमेंटरीला जो राष्ट्रीय पुरस्कार मिळतो तो नेमका कोणत्या विभागात असतो, त्यासाठी काय लागतं, आमच्यासारख्यांना त्यात कोण विचारतं, आणि समजा मिळालाच तर त्याचा माळाला काही उपयोग होतो का? सोबत फिल्मची लिंकही होती. ती मी पूर्ण पाहिली, म्हणून उत्तर जरा लांबणार आहे.

पहिला प्रश्न उलट मीच विचारतो. फिल्मला सेन्सॉर सर्टिफिकेट घेतलंय का? तुमच्या पत्रात त्याचा उल्लेख नाही, म्हणजे बहुधा नाही. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांचं सगळं गणित त्या एका कागदावर आहे. तुम्ही शूटिंग कधी केलं, फिल्म कधी पूर्ण झाली, कुठल्या महोत्सवात दाखवली, यांपैकी काहीही धरलं जात नाही. सीबीएफसीच्या, म्हणजे सेन्सॉर बोर्डाच्या, सर्टिफिकेटवर जी तारीख असते त्या कॅलेंडर वर्षात फिल्म मोजली जाते, १ जानेवारी ते ३१ डिसेंबर. ७० वे पुरस्कार जाहीर झाले १६ ऑगस्ट २०२४ ला, पण त्यात होत्या २०२२ साली सर्टिफिकेट मिळालेल्या फिल्म्स. ७१ वे जाहीर झाले १ ऑगस्ट २०२५ ला, आणि त्या फिल्म्स २०२३ च्या. कोविडमुळे घसरलेली गाडी अजून पूर्ण रुळावर आलेली नाही. तेव्हा आज अर्ज करून पुढच्या दिवाळीत दिल्लीला जायचं असं मनात असेल तर ते काढून टाका.

याचाच दुसरा भाग असा की डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात धावपळ करून सर्टिफिकेट घेऊ नका. ‘याच वर्षात बसवू’ म्हणून पोरं अर्धाकच्चा कट सेन्सॉरला देतात, मग जानेवारीत त्यांना सुचतं की शेवट बदलायला हवा. बदललेल्या फिल्मसाठी पुन्हा सीबीएफसीकडे जावं लागतं, आणि जुन्या कटवरचं वर्ष तर गेलेलंच असतं. शांतपणे फिल्म पूर्ण करा आणि वर्षाच्या सुरुवातीला अर्ज टाका. कोणी मागे लागलेलं नाही.

आता विभागाचं. इथे तुमची माहिती जुनी आहे, आणि त्यात तुमची चूक नाही. इंटरनेटवर निम्म्या ठिकाणी अजून जुनीच यादी पडून आहे. पूर्वी नॉन-फीचर, म्हणजे कथापट नसलेल्या फिल्म्सच्या गटात, पर्यावरणासाठी स्वतंत्र रजत कमळ होतं आणि त्यातच शेतीवरच्या फिल्म्सही धरल्या जात. या विभागाची अलीकडची नावं बघा. ६४ व्या पुरस्कारांत माणूस आणि वाघ यांच्या संघर्षावरची ‘द टायगर हू क्रॉस्ड द लाइन’. ६५ व्यात नागालँडच्या पांगती गावावरची ‘द पांगती स्टोरी’. ६६ व्यात रणथंभोरच्या मछली वाघिणीवरची ‘द वर्ल्ड्स मोस्ट फेमस टायगर’. ६७ व्यात ‘द स्टॉर्क सेव्हियर्स’, ६८ व्यात आसामच्या मानस अभयारण्यावरची ‘मानह आरु मानुह’, ६९ व्यात मल्याळम ‘मून्नाम वळवु’. हा स्वतंत्र विभाग ७० व्या पुरस्कारांपासून उरलेला नाही. नियमांची फेररचना झाली, बरेच विभाग एकत्र केले गेले, आणि आता आहे तो ‘सामाजिक आणि पर्यावरणीय मूल्यांना चालना देणारी सर्वोत्कृष्ट नॉन-फीचर फिल्म’. म्हणजे हुंडा, व्यसन, शिक्षण, अपंगत्व आणि मगरी-सुसरी, सगळे एका रांगेत.

मला हा बदल आवडलेला नाही. कथापटांच्या बाजूला तर याहून गंमत आहे. तिथे पूर्वी पर्यावरण संवर्धनावरच्या चित्रपटासाठी वेगळा पुरस्कार होता. आपल्या मराठी ‘पाणी’ला ६६ व्या पुरस्कारांत तोच मिळाला होता. आता तिथे ‘राष्ट्रीय, सामाजिक आणि पर्यावरणीय मूल्ये’ असा एकच विभाग आहे आणि ७१ व्या पुरस्कारांत तो ‘सॅम बहादूर’ला गेला. चित्रपट चांगला-वाईट हा प्रश्न नाही. पण एका फील्ड मार्शलचं चरित्र आणि नांदेडकडच्या गावाची पाण्यासाठीची धडपड एकाच तराजूत घालायची म्हटल्यावर ज्यूरीने तरी काय करावं? शेतीचा तर नावातूनही उल्लेख गेला. उजनीचं पाणी आणि ऊस यांच्यावर उद्या कोणी सोलापुरी पोरगा फिल्म करेल तर ती कुठे घालायची हे त्यालाच ठरवावं लागेल.

पण याची दुसरी बाजूही आहे आणि तुमच्या कामाची तीच आहे. विभाग एकत्र झाल्यापासून निसर्गावरच्या फिल्म्स दुसऱ्या दारांनी आत आल्या आहेत. ७० व्या पुरस्कारांत नव्या ‘सामाजिक-पर्यावरणीय’ विभागात घडियालवरची फिल्म जिंकली, ‘ऑन द ब्रिंक’ या मालिकेतली. त्याच वर्षी सर्वोत्कृष्ट डॉक्युमेंटरीचा पुरस्कार ‘मर्मर्स ऑफ द जंगल’ या मराठी फिल्मला मिळाला, विषय देवराई आणि तिच्याभोवतीच्या गोष्टी. तिच्या निवेदनालाही वेगळं रजत कमळ मिळालं. ७१ व्या वर्षी सर्वोत्कृष्ट डॉक्युमेंटरी ठरली ‘गॉड व्हल्चर अँड ह्यूमन’, गिधाडांवरची. लागोपाठ दोन वर्षं ‘डॉक्युमेंटरी’ हा सरळ विभाग निसर्गाच्या फिल्म्सनी घेतला, पर्यावरणाच्या कोट्यातून नव्हे. माझं सगळं म्हणणं या एका गोष्टीत आलं : ज्यूरी विषयाला बक्षीस देत नाही, फिल्मला देते. माळढोक संपत चाललाय ही बातमी आहे. त्या बातमीवर तुम्ही पाऊण तास माणसाला खुर्चीत बसवता का, हा प्रश्न आहे.

ज्यूरीत कोण असतं तेही लक्षात घ्या. ७० व्या वर्षी नॉन-फीचर ज्यूरीचे अध्यक्ष होते नील माधब पंडा, ७१ व्या वर्षी पी. शेषाद्री. दोघंही दिग्दर्शक. पंडा यांनी तर हवामानबदल आणि दुष्काळावर स्वतः चित्रपट केले आहेत. अशा माणसाला ‘पर्यावरणाचा समतोल बिघडत चालला आहे’ हे वाक्य ऐकवून काही मिळत नाही. तुमच्या फिल्मच्या तिसऱ्याच मिनिटाला ते आहे, ड्रोनच्या शॉटवर, बासरीसकट.

तर आता फिल्मबद्दल. वाईट वाटून घेऊ नका, यात खूप ऐवज आहे म्हणूनच बोलतोय.

पहिली बारा मिनिटं माळढोकाची माहिती आहे. अभयारण्य १९७९ चं, मूळ क्षेत्र ८,४९६ चौरस किलोमीटर, पुढे ते घटवून १,२२२ वर आणलं, देशात पक्षी दीडशेच्या आत, नान्नजला आता एखादाच, तोही कधीमधी दिसतो. माहिती बरोबर आहे. पण ती सांगताना पडद्यावर तुम्ही दुसरीकडून घेतलेले राजस्थानातल्या माळढोकाचे शॉट वापरले आहेत. का? तुमच्या फिल्मची खरी गोष्टच ही आहे की सोलापूरच्या माळावर जाऊन बसलात आणि पक्षी आला नाही. तो न येणं दाखवायला हिंमत लागते, फुटेज नाही. तुमच्याकडे मचाणावरून घेतलेला एक मोठा शॉट आहे, गवत हलतंय, लांब काळविटांचा कळप जातो, आणि वनमजूर दुर्बीण खाली ठेवून नुसता पाहत राहतो. तो तुम्ही सहा सेकंदांत कापलाय. तो पूर्ण ठेवा, आणि राजस्थान काढून टाका. परवानगीशिवाय घेतलेलं फुटेज असेल तर कायद्यानेही ते काढावंच लागेल.

दुसरं, मेंढपाळ. तुमच्या फिल्ममधला सगळ्यात जिवंत माणूस म्हणजे ते पांढऱ्या मिशांचे धनगर आजोबा, आणि त्यांना तुम्ही दीड मिनिट दिलंय. प्राध्यापकांना नऊ. आजोबा सांगतात की लांडग्याने कोकरू नेलं तर बायको शिव्या घालते, पण लांडगा दिसलाच नाही तर आपल्यालाच चुकल्यासारखं होतं. हे वाक्य ज्या फिल्ममध्ये आहे तिला सहजीवनावर व्याख्यान कशाला हवं? त्यांच्या मागे मागे जा. मेंढरं शेतात बसवण्याचा मोबदला ते काय ठरवतात, वाघर (मेंढरांभोवतीचं जाळं) कशी लावतात, उसाचं क्षेत्र वाढल्यावर वाट कुठून वळवावी लागली, चराईबंदीच्या खांबापाशी काय बोलणं होतं. अभयारण्य आणि मेंढपाळ यांचं नातं गोड नाही. वनखात्याचं म्हणणं आणि आजोबांचं म्हणणं जुळत नाही. ते न जुळणंच दाखवा. वर सांगितलेल्या यादीत ‘द पांगती स्टोरी’ का उठून दिसते? डोयांग जलाशयापाशी २०१२ मध्ये अमूर ससाण्यांची जाळी लावून प्रचंड शिकार झाली, बातम्या जगभर गेल्या, आणि पुढच्याच वर्षी त्याच गावांनी शिकार थांबवली. फिल्म गावाची आहे. ज्यांनी जाळी लावली तेच राखणदार झाले, म्हणून पक्ष्याला वजन आलं. ‘मानह आरु मानुह’च्या तर नावातच माणसं आहेत.

याउलट उदाहरण हवं असेल तर मछलीवरची फिल्म आहे, जिच्यात वाघीण हीच नायिका आहे. पण तिच्यामागे एस. नल्लमुथू यांनी एका प्राण्याच्या पाठी घालवलेली वर्षं आहेत. त्याच नल्लमुथूंना २०२४ च्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात डॉ. व्ही. शांताराम जीवनगौरव मिळाला. (शांतारामांनी आपल्या सोलापूरच्या डॉ. कोटणीसांवर चित्रपट काढला होता, हे सोलापूरकराला सांगायची गरज नाही, पण राहवत नाही.) इतका वेळ आणि अशी लेन्स तुमच्याकडे नाही. तुमच्याकडे काय आहे, तर तुम्ही इथले आहात. मार्डीच्या जत्रेत, करंब्याच्या पारावर, अकोलेकाटीच्या बसमध्ये लोक तुमच्याशी जसं बोलतात तसं बाहेरून आलेल्या कुठल्याही चॅनेलशी बोलणार नाहीत.

तिसरं सगळ्यात महत्त्वाचं, आणि ते तुमच्या फिल्ममध्ये अर्धवट येऊन गेलंय. एकतिसाव्या मिनिटाला वनरक्षक गिरिपुष्पाच्या झाडांच्या ओळी दाखवतो आणि म्हणतो, ‘हे आमीच लावलं होतं.’ तिथे माझे कान टवकारले आणि तुम्ही लगेच सूर्यास्तावर कट मारलात! अहो, हाच तुमचा विषय आहे. दुष्काळी भाग म्हणून अवर्षणप्रवण क्षेत्र कार्यक्रमातून, डीपीएपीतून, सोलापूरच्या माळावर प्लॉट पाडले गेले, कुंपण घातलं, चराई थांबवली. त्यात गवत परत आलं आणि माळढोकालाही जागा मिळाली. पण त्याबरोबरच गिरिपुष्प, सुबाभूळ अशी झाडंही लावली गेली. माळढोक जमिनीवर एकच अंडं घालतो, त्याला चहूकडे लांबवर दिसायला लागतं. झाडी वाढली की त्याचा माळ गेला. सबंध महाराष्ट्रात शाळेपासून मंत्रालयापर्यंत पर्यावरण म्हणजे झाडं लावणं. पाचशे-साडेपाचशे मिलिमीटर पावसाच्या उघड्या माळाला ‘पडीक’ म्हणून नोंदवायचं आणि त्यावर खड्डे खणून फोटो काढायचे. झाड लावण्याने जंगली जनावराचं घर मोडू शकतं, हे सांगणारी फिल्म मी मराठीत क्वचितच पाहिली आहे. धाविक, चंडोल, पाखुर्डी हे पक्षी, खोकड, लांडगा, कुसळी आणि पवन्याचं गवत, हे सगळं या एका गोष्टीभोवती येऊन बसतं. वाघ-हत्तींच्या रांगेत सोलापूर उभं राहणार असेल तर याच गोष्टीवर.

त्या वनरक्षकाकडे पुन्हा जा. मात्र नोकरीतला माणूस आहे, त्याला त्रास होईल असं काही त्याच्या तोंडून वदवून घेऊ नका. वरिष्ठांची परवानगी घेऊन बोलू द्या, किंवा तीच गोष्ट जुन्या निवृत्त माणसाकडून घ्या. फिल्म दिल्लीला जाईल, त्याला मात्र सकाळी त्याच चौकीवर जायचंय.

निवेदनाबद्दल थोडं. तुमचा निवेदक पुण्याचा वाटतो. आवाज छान आहे, आणि म्हणूनच तो नको. निवेदनालाही पुरस्कार असतो हे वर सांगितलंच. निवेदन म्हणजे माहिती वाचणं नव्हे. आपल्याकडचं मराठी कन्नडला आणि तेलुगूला खेटून वाढलंय, ते फिल्ममध्ये ऐकू येऊ द्या. नागराज मंजुळे करमाळ्याच्या जेऊरचे. ‘पिस्तुल्या’ या लघुपटासाठी त्यांना ५८ व्या राष्ट्रीय पुरस्कारांत पदार्पणाचा पुरस्कार मिळाला आणि ६५ व्यात ‘पावसाचा निबंध’साठी नॉन-फीचर दिग्दर्शनाचा. दोन्ही कथालघुपट आहेत, डॉक्युमेंटरी नाहीत, पण बोली साफ न करता ती राष्ट्रीय ज्यूरीपर्यंत जाते याचा दाखला आपल्याच जिल्ह्यात आहे. इंग्रजी सबटायटल मात्र चोख हवीत. ती भाच्याकडून फुकट करून घेऊ नका. ज्यूरीतल्या बहुतेकांना तुमची फिल्म सबटायटलमधूनच कळणार, आणि आजोबांचं ते लांडग्याचं वाक्य तिथे लुळं पडलं तर फिल्म पडली.

बासरी काढा. माळावर वारा असतो.

आता कागदपत्रं. कंटाळवाणं आहे, पण फिल्म अडते ती इथेच.

अभयारण्यात शूटिंग केलंत त्याची वनविभागाची लेखी परवानगी जपून ठेवा. ड्रोनची परवानगी वेगळी असते. ती नसेल तर तो शॉट फिल्ममध्ये नको. माळढोक हा वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या, म्हणजे सर्वाधिक संरक्षणाच्या, अनुसूचीतला पक्षी आहे, त्याच्या विणीच्या जागेवर ड्रोन उडवलेला दिसला तर पुरस्कार राहू द्या, वेगळीच नोटीस येईल. चंडोलाच्या घरट्याचा जो क्लोजअप आहे तोही मी काढला असता. पिल्लं चोच वासून कॅमेऱ्याकडे बघताहेत म्हणजे कॅमेरा नको तेवढा जवळ होता. वन्यजीव ओळखणारा माणूस ज्यूरीत असला तर त्याला हे पहिल्या नजरेत कळतं.

फिल्ममध्ये जनावरं दिसली की सेन्सॉरच्या वेळी प्राणी कल्याण मंडळाचा, म्हणजे एडब्ल्यूबीआयचा, मुद्दा निघतो. तुमचे प्राणी रानात आपापले वावरताना टिपले आहेत, कोणाला आणून नाचवलेलं नाही, पण मेंढरं, कुत्री, घोडी पाळीव आहेत. या पत्रव्यवहाराला वेळ लागतो हे धरूनच चाला. सेन्सॉरचा अर्ज ऑनलाइन होतो, ई-सिनेप्रमाण पोर्टलवर, आणि आपल्याला मुंबईचं प्रादेशिक कार्यालय पडतं. एजंट गाठायची गरज नाही; फॉर्म नीट वाचला की जमतं. आणखी एक : आजोबा दोनदा तंबाखू मळतात आणि एकदा बिडी ओढतात. पडद्यावर तंबाखू आली की तंबाखूविरोधी इशारा लागतो, खाली पट्टी आणि त्याच्या जोडीची घोषणा. बिडीचा शॉट फिल्मला हवाच असेल तर पट्टीसकट ठेवा, नाहीतर कापा. मी तंबाखूचा ठेवला असता, कारण तो मळतानाच ते लांडग्याबद्दल बोलतात.

जत्रेच्या प्रसंगात मागे लाऊडस्पीकरवर हिंदी गाणं वाजतंय. त्याचे हक्क तुमच्याकडे नाहीत. तिथे नुसता गलका वापरा.

डॉक्युमेंटरीला लांबीची अडचण नाही, पाऊण तासाची असो की दीड तासाची, ती नॉन-फीचरमध्येच जाते. ‘सर्वोत्कृष्ट लघुपट’ हा विभाग मात्र तीस मिनिटांपर्यंतच्या फिल्म्सचा आहे, त्याच्या नादी लागून चांगली फिल्म अर्धी करू नका. दिग्दर्शक म्हणून तुम्हा तिघांपैकी कोणाचं नाव जाणार हे सर्टिफिकेटच्या आधी ठरवा, कारण निर्माता-दिग्दर्शक म्हणून कागदावर जे येईल त्यालाच पुरस्कार मिळतो. मैत्री तुटायला एवढं कारण पुरतं, हे मी अनेक ठिकाणी पाहिलंय. पदार्पणाचा विभागही आहे, दिग्दर्शकाची पहिली फिल्म असेल तर तो लक्षात ठेवा.

महोत्सवांचं गणित वेगळं आहे. बऱ्याच महोत्सवांना सेन्सॉर सर्टिफिकेट लागत नाही, केंद्राच्या माहिती-प्रसारण मंत्रालयाच्या सवलतीवर फिल्म दाखवतात. (२००४ च्या मुंबई महोत्सवात भारतीय डॉक्युमेंटरींना सर्टिफिकेट सक्तीचं करायचा घाट घातला गेला तेव्हा देशभरचे फिल्मकार उठले होते. सक्ती मागे घ्यावी लागली, आणि त्यांनी ‘विकल्प’ नावाने समांतर महोत्सवच भरवला. डॉक्युमेंटरीवाल्यांचा सेन्सॉरवर राग आहे तो उगाच नाही.) म्हणून फिल्म आधी महोत्सवांत फिरवा, लोक कुठे चुळबुळ करतात ते बघा, मग अंतिम कट करून सर्टिफिकेट घ्या. मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव दर दोन वर्षांनी भरतो आणि तो डॉक्युमेंटरी, लघुपट, ॲनिमेशन यांच्यासाठीच आहे. दिल्लीच्या सीएमएस संस्थेचा ‘वातावरण’ महोत्सव २००२ पासून फक्त पर्यावरण आणि वन्यजीव फिल्म्सचा आहे, तिथले परीक्षक हा विषय ओळखतात. पुण्यात सुरू झालेला किर्लोस्कर वसुंधरा महोत्सव इतर शहरांतही जातो आणि तिथला प्रेक्षक मराठी असतो. विज्ञान प्रसारच्या विज्ञान चित्रपट मेळ्यातले गोल्डन बीव्हर पुरस्कार तुमच्यासारख्या नवख्यांसाठी चांगले होते, पण ती संस्थाच आता बंद झाली, तेव्हा जुन्या वेबसाइटवर विसंबू नका.

पैशांचं थोडक्यात सांगतो. नॉन-फीचरच्या रजत कमळाबरोबर पूर्वी ५० हजार रुपये मिळत, फेररचनेनंतर २ लाख. सुवर्ण कमळाला ३ लाख. तुमचा खर्च कदाचित त्यात निघेल, पुढची फिल्म निघणार नाही. पुरस्कारानंतर लोक फोन उचलतात, हा खरा फायदा. परवानगीचा अर्ज महिनाभर टेबलावर पडून राहायचा तो आठवड्यात हलतो.

आणि माळाला काय मिळणार? एक उदाहरण सांगतो, कारण तुमचा शेवटचा प्रश्न मला सगळ्यात मनापासूनचा वाटला. माइक पांडे यांनी गुजरातच्या किनाऱ्यावर चालणाऱ्या व्हेल शार्कच्या शिकारीवर ‘शोअर्स ऑफ सायलेन्स’ ही फिल्म केली. २००० साली तिला ब्रिटनच्या वाइल्डस्क्रीनचा ‘ग्रीन ऑस्कर’ म्हणतात तो पुरस्कार मिळाला. २००१ मध्ये व्हेल शार्क वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत गेला, असं संरक्षण मिळालेला आपल्याकडचा पहिला मासा. लोक ही गोष्ट ‘पुरस्कार मिळाला आणि कायदा झाला’ अशी सांगतात. खरी ताकद फुटेजमध्ये होती. किनाऱ्यावर ओढून आणलेले, कापले जाणारे ते प्रचंड मासे तोवर कोणी पाहिलेच नव्हते. फिल्म हा पुरावा झाला. आणि कायद्यानंतरही कोळ्यांशी बोलणं, जाळी कापून मासा सोडल्यास भरपाई, कथाकार मोरारीबापूंच्या तोंडून ‘ही तर माहेरी आलेली लेक’ असं सांगणं, हे बाकीच्यांना पुढे कितीतरी वर्षं करावं लागलं.

तुमच्या बाबतीत कायदा आहे, अभयारण्यही आहे. नाही ते एवढंच, की ज्यांनी माळावर झाडं लावण्याचे ठराव करायचे त्यांनी हा माळ कधी नीट पाहिलेला नाही. त्यांच्यासाठी फिल्म करा आणि त्यांना दाखवा. शहरात हुतात्मा स्मृती मंदिरात एक शो ठेवाच, पण त्याआधी नान्नज, मार्डी, करंबा इथल्या शाळांत आणि ग्रामपंचायतींत पडदा लावून दाखवा. आजोबांना पुढच्या रांगेत बसवा आणि नंतर माइक त्यांच्या हातात द्या, तुमच्या नव्हे. वनविभागाच्या रोपवनाच्या बैठकीला फिल्मची बारा मिनिटांची आवृत्ती घेऊन जाता आली तर फारच उत्तम. तिच्यात गिरिपुष्पाचा भाग तेवढा ठेवा. विद्यापीठाच्या वृत्तपत्रविद्येच्या पोरांना बोलवा, त्यांच्यातून तुमचा पुढचा साउंडमन निघेल.

नवा कट झाला की मला पाठवा, पण दोन गोष्टी करूनच. सबटायटलची फाइल टाइमकोडसकट वेगळी जोडा. आणि वाऱ्याचा आवाज मूळ रेकॉर्डिंगमधून घ्या. तो मिळत नसेल तर एक माणूस रेकॉर्डर घेऊन पहाटे माळावर पाठवा, उन्हाळा संपायच्या आत, कारण पावसानंतर गवत ओलं होतं आणि आवाजच बदलतो.